एवारिस्तोंचं गप्प राहणं

धुकं आवडणारी माणसं बहुधा डोंगरावर राहत असावीत. आमचं जर्मनीतलं येना गाव दरीत आहे. ऑक्टोबरअखेरीस घड्याळं तासभर मागे गेली की नदीवरून धुकं उठतं, टेकड्यांच्या मधे येऊन बसतं आणि नकोशा पाहुण्यासारखं उठायचं नाव घेत नाही. मोजे तीन-तीन दिवस वाळत नाहीत. दुपारी साडेचारला दिवा लावावा लागतो. पुण्याची मैत्रीण फोनवर म्हणते, "अय्या, काय रोमँटिक गं!" मी म्हणते, ये इकडे, आणि माझे मोजे वाळवून दाखव.

या नोव्हेंबरातली माझी चिडचिड मात्र मोज्यांवरची नाही. मंगळवारी टपालपेटीत गावातल्या छोट्या नाटकघराची पुस्तिका आली. येत्या तीन महिन्यांत कुठलं नाटक, कोण कोण काम करतंय, कुठल्या रविवारी दुपारचा प्रयोग. जिन्यात उभ्या उभ्या मी ती चाळली. कानटोपी काढली नव्हती, पिशवीतला कोबी खांद्याला ओढत होता, आणि बोट नावांवरून खाली खाली चाललं होतं. एवारिस्तोंचं नाव नव्हतं. ते असणार नाही हे मला ठाऊक होतं. त्यांनी काम सोडून बरीच वर्षं झाली. तरी दर नोव्हेंबरला मी ते नाव शोधते, ते सापडत नाही, आणि मग दिवसभर मी घरात सगळ्यांवर खेकसत असते.

त्या नाटकघरात मी एकच मोसम प्रॉम्प्टर होते. सात वर्षं झाली त्याला.

नवरा, प्रसाद, भिंगांचं डिझाइन करतो. त्याच्या नोकरीमागून मी इथे आले ती जर्मनमधली एम.ए.ची पदवी घेऊन. पुण्यात या पदवीचा रुबाब होता. इथे चार वर्षांचं पोरही जर्मन बोलतं म्हटल्यावर तिला कोण विचारतो! अर्ज केले, उत्तरं आली. प्रत्येक पत्र 'दुर्दैवाने' या शब्दाने सुरू व्हायचं. पुढे पुढे मी पाकिटाच्या जाडीवरूनच दुर्दैव ओळखायला लागले. मग एकदा वाचनालयातल्या फळ्यावर चिठ्ठी दिसली. नाटकघरातल्या प्रॉम्प्टरबाईंच्या गुडघ्याचं ऑपरेशन होतं, एका नाटकापुरती कोणी तरी हवी होती. मी गेले. त्यांनी मला दोन पानं वाचायला लावली आणि म्हणाले, उद्यापासून या.

आनंदाने मी प्रसादला बसस्टॉपवरूनच फोन केला. परदेशात आल्यावर पहिल्यांदाच माझी भाषा कुणाच्या तरी उपयोगाची ठरली होती.

प्रॉम्प्टिंग मला नवं नव्हतं. कॉलेजात असताना एकांकिका स्पर्धांमध्ये मी विंगेत संहिता घेऊन उभी असायची. तिथलं शास्त्र सोपं होतं. नट अडला की वाक्य गेलंच पाहिजे, आणि प्रेक्षकांच्या आधी गेलं पाहिजे. नाही तर बाल्कनीतली कार्टी आपल्या पदरचं वाक्य टाकणार, आणि ते आमच्या लेखकाच्या वाक्याहून चांगलं असणार! रंगमंचावर क्षणभर जरी भोक पडलं तरी नाटक त्यातून खाली गेलं म्हणून समजा. माझ्या हातून ते कधी पडलं नाही. 'मेधाचं वाक्य नटाला आठवायच्या आधी पोचतं,' असं आमचे सर म्हणायचे, आणि मी ते बिल्ल्यासारखं मिरवायची.

येन्यात विंग नव्हती. पहिल्या रांगेत डाव्या टोकाला एक खुर्ची, निळा कागद लावलेला इवलासा दिवा, मांडीवर संहिता आणि कानामागे पेन्सिल. प्रेक्षक इतके जवळ की शेजारच्या बाईंच्या कोटाला येणारा ओल्या लोकरीचा वास अजून माझ्या नाकात आहे.

एवारिस्तोंना मी पहिल्या तालमीत पाहिलं. ते दारातून आत आले आणि त्यांनी सगळ्यांना वाकून नमस्कार केला, खिडकीजवळच्या रिकाम्या खुर्चीलाही केला. सगळे हसले. मीही हसले. सत्तरीला टेकलेले, बुटके, पोट थोडं पुढे, भुवया अशा की त्यांचा काही तरी वेगळाच संसार चाललेला असावा. जन्म क्युबातला, साखर कारखान्याच्या गावातला. चोविसाव्या वर्षी ते भिंगं घासायचं काम शिकायला इथे आले, तेव्हा जर्मनी दोन होत्या आणि त्यातल्या पूर्वेकडच्या जर्मनीशी क्युबाचं मैत्र होतं. प्रसाद संगणकावर जे करतो ते एवारिस्तो हाताने करायचे.

कारखान्यात कामगारांची नाटकमंडळी होती. तिथे त्यांना आचाऱ्याचं काम मिळालं. वाक्य एकच. "मंडळी, जेवण तयार आहे." हातात पातेल्याचं झाकण घेऊन ते आत आले आणि जर्मन भाषा डोक्यातून साफ उडाली. तोंड उघडलं, मिटलं, झाकणाकडे पाहिलं, झाकणाच्या मागे लपले. लोक हसून हसून खुर्च्यांवरून घसरले. रडायच्या बेतात ते आत गेले, तर मंडळीचा प्रमुख मिठी मारून म्हणाला, "हे ठेवू या."

"बस्स," एवारिस्तो सांगत, "तिथे माझं करिअर सुरू झालं आणि तिथेच संपलं. त्यानंतर चाळीस वर्षं मी तेच झाकण घेऊन हिंडतोय."

लोबेडा या उपनगरातल्या उंच उंच इमारतींच्या रांगांमध्ये त्यांचं घर आहे, आठव्या मजल्यावर. आत शिरल्या शिरल्या अरुंद बोळातल्या भिंतीवर खिळ्यांना टोप्या लटकलेल्या. प्रत्येक कामाची एक. खलाशी, हॉटेलचा दरवान, आइस्क्रीमवाला, सर्कशीतला ढोलवाला, पिझ्झावाला, दोन सुलतान, एक केळी विकणारा. टीव्हीवरच्या मालिकांमध्ये ते तिसऱ्या मिनिटाला आत येत, कुणाच्या तरी अंगावर सूप सांडत आणि पाचव्या मिनिटाला बाहेर जात. त्यांना स्वतःचं असं नावही क्वचितच असायचं. पण ट्रॅममध्ये लोक ओळखत. "तुम्ही ते सूपवाले ना?" असं विचारत, आणि एवारिस्तो काठीवर तोल सावरून वाकून नमस्कार करत.

"राग नाही येत?" मी एकदा विचारलं. नाटकातली माणसं एकमेकांना सर्रास 'तू' म्हणतात. मला वडिलांच्या वयाच्या माणसाला तसं म्हणवेना, आणि 'तुम्ही' म्हटलं की ते दुखावत. मग मी वाक्यंच अशी फिरवून बोलायची की दोन्ही टळावीत. आपल्याकडे नव्या नवरीला नवऱ्याचं नाव टाळताना जी कसरत करावी लागे, ती मी इथे येऊन केली.

"येतो ना," ते म्हणाले. "पण मी रागावलो की लोक जास्तच हसतात."

त्या मोसमातलं नाटक एका गावाचं होतं. खाली कोळसा सापडलाय म्हणून अख्खं गाव उठवायचं ठरतं. एक अधिकारी वही घेऊन घरोघर फिरतो आणि विचारतो, काय काय बरोबर नेणार? कुणी पियानो सांगतं, कुणी कोंबड्या. एवारिस्तो गावातला म्हातारा माळी. तो आपली फावडी, कुंड्या, मधमाश्यांची पेटी असं एकेक लिहून देतो. शेवटी अधिकारी विचारतो, "आणि तुमच्या पत्नी?" बायको गावच्या दफनभूमीत आहे. थडगीही हलवली जाणार असतात, फॉर्मवर तशी सोय असते. माळी म्हणतो, "ती येणार नाही." आणि अंक संपतो.

दिग्दर्शिका कात्या हिने हे काम एवारिस्तोंना दिलं तेव्हा नाटकघरातल्या बाकीच्यांनी भुवया उंचावल्या. या कामात पडणं-धडपडणं नव्हतं, गाणं नव्हतं, उच्चारांवरून थट्टा नव्हती. साधा म्हातारा माळी, कुठल्याही गावातला. कात्या चांगली बाई. तिने विश्वास टाकला, त्याचं श्रेय तिला द्यायलाच हवं. पुढे जे झालं त्याबद्दल मी तिच्यावर चिडले ती वेगळी गोष्ट, आणि त्यातली निम्मी चीड माझी मलाच पोचायला हवी.

तालमींत एवारिस्तो ते शेवटचं वाक्य सरळ बोलून टाकायचे. प्रश्न आला, उत्तर दिलं. मग पहिल्या प्रयोगाच्या दिवशी दुपारी ते माझ्या खुर्चीपाशी आले. मी पेन्सिलला टोक करत होते. ते गुडघ्यावर हात टेकून खाली वाकले.

"मेधा, त्या वाक्याआधी मी आज थोडा थांबणार आहे."

"किती?"

"माहीत नाही. तालमीत करून पाहिलं नाही मुद्दाम. एकदाच होईल ते." मग बोलू की नको असं करत म्हणाले, "हाइडी गेल्यापासून मला कुणी तिच्याबद्दल विचारलं की मी काही तरी गंमत करतो. स्मशानातही केली. पाद्रीसुद्धा हसला. मला एकदा, या एका संध्याकाळी, लोकांनी माझ्याकडे बघावं आणि हसू नये. एकदाच. तू मला मदत करू नकोस."

हाइडी म्हणजे त्यांची बायको. दोन वर्षांपूर्वी गेली होती. त्याच भिंगांच्या कारखान्यातली.

मी संहितेत त्या वाक्याआधी पेन्सिलीने मोठ्ठं वर्तुळ काढलं. त्याखाली मराठीत लिहिलं, 'गप्प बस.' ती संहिता अजून माझ्या कपाटात आहे, आणि माझ्याच अक्षरातले ते दोन शब्द मला बघवत नाहीत.

प्रयोग छान चालला होता. अधिकाऱ्याने वही मिटता मिटता विचारलं, "आणि तुमच्या पत्नी?"

एवारिस्तो थांबले.

एक. दोन. मी वर्तुळावर बोट ठेवून बसले होते. तीन. सभागृहात कुणी खोकलं. चार. त्यांच्या चेहऱ्यावर काहीच नव्हतं, आणि चाळीस वर्षं ज्या चेहऱ्यावर सतत काही तरी असायचं तो असा कोरा पाहून मी संहितेतलं वाक्य पुन्हा वाचलं. पाच. मला वाटलं, हे थांबलेले नाहीत, हे अडलेत. वय झालंय. विसरलेत. आणि आता सगळं गाव म्हणणार, ती बाहेरची बाई बसवली होती ना प्रॉम्प्टिंगला, तिला वेळेवर एक वाक्य देता आलं नाही! कानात आमचे सर बोलले, बाल्कनीतली कार्टी ओरडायच्या बेतात आली, आणि सहाव्या सेकंदाला मी कुजबुजले. भीतीने कुजबुजले, म्हणून नको तितकं मोठ्याने कुजबुजले.

"ती येणार नाही!"

अंधारातून बाईचा आवाज! बायकोबद्दल विचारलेलं, आणि कुठून तरी खालून एक बाई ठसक्यात सांगतेय, जणू स्वतःच म्हणतेय, मी नाही येणार! आधी एक जण फिसकन हसला, मग रांग, मग अख्खं सभागृह. आणि एवारिस्तोंचं शरीर, बिचाऱ्याला चाळीस वर्षांत दुसरं काही शिकवलंच नव्हतं कुणी, ते आपोआप वळलं. त्यांनी जमिनीकडे पाहिलं. हळूच डोक्यावरची टोपी काढली. मग अधिकाऱ्याकडे वळून म्हणाले, "ऐकलंत ना?"

छप्पर उडालं. टाळ्या थांबेनात. मी निळ्या दिव्याखाली वाकून बसले होते आणि शेजारच्या लोकरीच्या कोटवाल्या बाई डोळे पुसत माझ्या खांद्यावर थोपटत होत्या. त्यांना वाटलं होतं, हे असंच बसवलेलं आहे.

पडदा पडल्यावर कात्या धावत आली. गाल लाल झालेले. तिने एका हाताने एवारिस्तोंना आणि दुसऱ्याने मला कवटाळलं आणि म्हणाली, "हे ठेवू या!"

मी एवारिस्तोंकडे पाहिलं. ते हसत होते. अगदी सवयीने.

मी माफी मागायला गेले तेव्हा त्यांनी माझ्यासमोर चहाचा कप ठेवला. "अगं, तू बोललीस, पण वळलो तर मीच ना?" ते म्हणाले. "वळायला नको होतं. पाय ऐकेचनात." मला वाटलं होतं ते ओरडतील. ओरडले असते तर माझं निभावलं असतं.

दुसऱ्या दिवशी मी कात्याकडे गेले. म्हटलं, ही माझी चूक आहे, ती मी पुन्हा करणार नाही. ती शांतपणे म्हणाली, "मेधा, ती आता तुझी चूक नाही. नाटकाचा भाग आहे." तिने माझ्या संहितेतलं वर्तुळ खोडलं आणि समासात माझं नाव लिहिलं, जसं पात्राचं लिहितात तसं. मग गावातल्या पेपरात परीक्षण आलं. थडग्यातून उत्तर देणाऱ्या बायकोच्या जागेचं फार कौतुक होतं, आणि एवारिस्तोंच्या 'सदाबहार विनोदा'चंही.

घरी मी पातेली आपटली.

"अगं, तुमची शेफिन, बॉसच, स्वतः म्हणतेय ना ठेव म्हणून?" प्रसाद म्हणाला. "तुझ्या करारात, त्या फरत्रागमध्ये, शांतता सांभाळायचं लिहिलंय का कुठे? लोक खूश, ती खूश. आल्झो, मग प्रॉब्लेम काय आहे?"

"ते खूश नाहीत."

"तसं म्हणाले ते?"

"नाही."

"मग? गेनाऊ, तेच तर! तूच ठरवतेस सगळं."

त्या वेळी सासूबाई सांगलीहून तीन महिन्यांसाठी आल्या होत्या. धुक्याने त्यांचा जीव विटला होता, म्हणून प्रसादने त्यांना चौथ्या प्रयोगाला आणून बसवलं. जर्मन एक अक्षर येत नव्हतं. मी माझं वाक्य बोलले, सभागृह हसलं, टोपी निघाली. ट्रॅममधून परतताना त्या खिडकीबाहेर बघत बसल्या होत्या. मग म्हणाल्या, "तो म्हातारा कुणाबद्दल बोलत होता गं?"

"बायकोबद्दल. गेलीय ती."

"तरीच. रडू फुटायच्या बेतात होता तो. आणि तुम्ही सगळ्यांनी मिळून त्याचं हसं केलंत." थोड्या वेळाने स्वतःशीच पुटपुटल्या, "मी पण हसले म्हणा. सगळे हसले म्हणून."

"आई, मला तसं करायला सांगितलंय. आता ते नाटकातच आहे."

"असेल बाई. तुमच्या नाटकातलं मला काय कळतंय!" आणि त्यांनी शाल डोक्यावरून ओढून घेतली.

मी अकरा प्रयोग ते वाक्य बोलले. रोज नेमक्या सहाव्या सेकंदाला. त्यातलं सगळ्यात वाईट काय सांगू? मी त्यात तरबेज झाले. कुठल्या शब्दावर जोर दिला की जास्त हशा येतो ते मला कळायला लागलं. एका शनिवारी तर हशा कमी आला आणि मी नाराज होऊन घरी गेले. माझ्यासारख्या माणसांनीच एवारिस्तोंची चाळीस वर्षं अशी केली असणार, चांगल्या मनाच्या, कामात चोख माणसांनी. कुणीही त्यांचं वाईट चिंतलेलं नव्हतं. मी बसते त्या खुर्चीत त्यांच्या आयुष्यभर कोणी ना कोणी बसलेलं होतं.

शेवटचा प्रयोग टोटेनझोनटागच्या दुपारी होता. नोव्हेंबरातला हा रविवार इथे गेलेल्या माणसांचा. आपला पितृपंधरवडा जणू एका दिवसात उरकलेला. सकाळी लोक थडग्यांवर सूचिपर्णी झाडांच्या फांद्या अंथरतात, मेणबत्त्या लावतात. नाचगाण्याला त्या दिवशी कायद्याने बंदी असते. एवारिस्तो नाटकघरात आले तेव्हा त्यांच्या बुटांना ओली माती होती आणि कोटाच्या बाहीवर दोन हिरव्या सुया अडकल्या होत्या. मी त्या काढल्या.

"आज मी बोलणार नाही," मी म्हटलं.

"कात्या चिडेल."

"चिडू दे. तसंही माझं काम आज संपतंय."

त्यांनी माझ्याकडे पाहिलं. भुवया स्थिर होत्या. त्यांनी माझा हात दोन्ही हातांत धरला आणि सोडला.

सभागृह भरलं होतं. बहुतेक सकाळी स्मशानात जाऊन, दुपारी कॉफी-केक खाऊन आलेले म्हातारे-म्हाताऱ्या. अधिकाऱ्याने वही मिटली. "आणि तुमच्या पत्नी?"

एवारिस्तो थांबले. मी पुस्तक मिटलं आणि निळा दिवाही बंद केला. पाच. सहा. माझी वेळ होऊन गेली. सात. आठ. ते उभे होते, हात सोडलेले, आणि त्यांचा चेहरा हळूहळू कुणा दुसऱ्याचाच होत होता. तो टोप्यांच्या भिंतीवरच्या कुणाचाच नव्हता. नऊ. मी श्वास धरला होता. आता, मला वाटलं, आता होतंय.

तिसऱ्या रांगेतून एक बाई खणखणीत आवाजात म्हणाली, "ती येणार नाही!"

सभागृह फुटलं. तिने पेपरात वाचलं असेल, किंवा आधी एकदा येऊन गेली असेल. प्रॉम्प्टर झोपली, तर आपण मदत करावी, एवढाच तिचा भाव होता. तिच्या मांडीवर पर्स होती आणि ती शेजारणीकडे बघून अभिमानाने हसत होती. मला त्या बाईला तिथल्या तिथे खुर्चीसकट बाहेर काढावंसं वाटलं. एवारिस्तो वळले. जमिनीकडे पाहिलं. टोपी काढली.

"ऐकलंत ना?"

कात्या चिडली नाही. तिने आत येऊन टाळ्या वाजवल्या आणि म्हणाली, "प्रेक्षक स्वतः बोलले! कधी पाहिलंय असं? पुढच्या वर्षी नाटक पुन्हा केलं तर हे ठेवू या!" पुढच्या वर्षी ते केलं नाही. एवारिस्तोंचा गुडघा गेला, जुन्या प्रॉम्प्टरबाईंचा बरा झाला, आणि मला एका शाळेत नवागत मुलांना जर्मन शिकवायची नोकरी लागली. नोकरी बरी आहे. प्रश्न विचारल्यावर एखादी मुलगी गप्प राहिली तर मी खिडकीबाहेर बघत थांबते. वर्ग चुळबुळतो. मुख्याध्यापिकांनी एकदा दारातून पाहिलं आणि नंतर विचारलं, तुमचे तास जरा संथ जातात का? मी भांडले त्यांच्याशी.

मंगळवारची पुस्तिका स्वयंपाकघरात दोन दिवस पडून होती. गुरुवारी दुपारी शाळेतून मी तशीच लोबेडाची ट्रॅम पकडली. एवारिस्तो आता पंचाहत्तरचे आहेत. दार उघडायला वेळ लागतो. टोप्यांवर धूळ बसलीय. त्यांनी कडक कॉफी केली, संत्री काढली, आणि आठव्या मजल्याच्या खिडकीबाहेर धुकं इतकं दाट होतं की खाली गाव आहे की नाही तेही कळत नव्हतं. आम्ही गुडघ्यांबद्दल बोललो. सासूबाईंच्या मोतीबिंदूबद्दल बोललो.

मग माझ्याच्याने राहवेना. "एकदा करून दाखवाल?" मी म्हटलं. सात वर्षांनी 'तुम्ही' सरळ तोंडातून निघालं आणि त्यांनीही ते चालवून घेतलं. "ती जागा. फक्त माझ्यासाठी. इथे कोणी बोलणार नाही."

त्यांनी एक संत्रं सोलायला घेतलं. "तू विचार मग," ते म्हणाले. "अधिकारी तू."

मी खुर्ची सरळ केली. "आणि तुमच्या पत्नी?"

एवारिस्तो थांबले. हात टेबलावरच्या मेणकापडावर होता, बोटांना संत्र्याची सालं चिकटलेली. नजर माझ्यावर नव्हती. भुवया खाली आल्या, गाल सैल पडले, आणि मला दिसला तो एक म्हातारा माणूस, ज्याला त्याच्या बायकोबद्दल विचारलंय. मी मोजत नव्हते. मी खरंच मोजत नव्हते. पण अकरा प्रयोग माझ्या अंगात मुरले होते. सहावा सेकंद कधी येतो हे माझ्या घशाला माहीत होतं, आणि तो आला तसं काही तरी आतून वर वर आलं. मी ओठ दाबले. नाक दाबलं. उपयोग झाला नाही.

मी हसले.

छोटंसंच हसले, पण त्या स्वयंपाकघरात दुसरा कुठलाच आवाज नव्हता. त्यांनी माझ्याकडे पाहिलं. मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. त्यांनी संत्र्याच्या उरलेल्या फोडी सोडवल्या आणि एकेक करून माझ्या बशीत ठेवल्या.

"बरं झालं हसलीस," ते म्हणाले. "पुढचं वाक्य मला आठवतच नव्हतं."

भुवया नाचवत म्हणाले, त्यामुळे मी पुन्हा हसले. मग त्यांचा चेहरा पाहिला. ते वाट बघत होते. मी वाक्य सांगावं म्हणून की सांगू नये म्हणून, ते मला ओळखता आलं नाही. मी संत्र्याची एक फोड तोंडात टाकली आणि गप्प बसले.